पहिल्या ओळीच्या आधी

अमेरिकन बेसबॉलची दफ्तरं इतकी चोख आहेत की आपल्या महसूल खात्यानं हेवा करावा. कुणी, कधी, कुठल्या मैदानावर, कितव्या डावात, कुणाच्या चेंडूवर काय केलं, हे सगळं शंभराहून अधिक वर्षांचं लिहून ठेवलेलं आहे. कुठल्याही खेळाडूचं पान उघडलं की डावीकडे वर्ष, शेजारी वय, मग संघ आणि पुढे आकड्यांच्या रांगा. युली गुरिएलच्या पानावरची पहिली ओळ सांगते: वर्ष २०१६, वय ३२, संघ ह्यूस्टन ॲस्ट्रोज.

बाकीच्या मोठ्या खेळाडूंची पहिली ओळ विशी-बाविशीतली असते. त्याखाली चाचपडण्याची वर्षं, मग भराची, मग उताराची. पान वाचताना माणूस मोठा होताना आणि थकताना दिसतो. गुरिएलच्या पानावर चाचपडणं नाहीच. ज्या वयात जवळचं क्षेत्ररक्षण करणारे गुडघ्याला बर्फ लावून बसायला लागतात, त्या वयात हा उगवतो, आणि सदतिसाव्या वर्षी अमेरिकन लीगचा फलंदाजीचा किताब घेऊन जातो. नुसतं पान वाचणाऱ्याला प्रश्न पडावा, की हे गृहस्थ आधी कुठे नोकरीला होते काय?

ते बेसबॉलच खेळत होते. फ्लोरिडाच्या टोकापासून नव्वद मैलांवरच्या क्यूबा बेटावर, पंधरा हंगाम. त्या पंधरा हंगामांत त्याची सरासरी .३३५ होती, म्हणजे साधारण दर तीन संधींत एक हिट, आणि होमरन अडीचशे. ऑलिंपिकचं एक सुवर्ण आणि एक रौप्य त्यातच आलं. अमेरिकेच्या वहीत त्यातली एकही नोंद धरली जात नाही. नियमाप्रमाणे ते बरोबरही आहे, दुसऱ्या लीगचे आकडे आपल्यात कशाला मिसळायचे? पण नियम कळला म्हणून त्या पहिल्या ओळीच्या वरची कोरी जागा डोळ्यांआड होत नाही.

शाळेच्या मैदानावर सॉफ्टबॉल खेळलेल्यांना पुढचं सांगायला नको. क्रिकेटवरच वाढलेल्यांसाठी जरा थांबतो. बेसबॉलचा गाभा म्हणजे कोपऱ्यावर उभा केलेला चौरस, प्रत्येक बाजू नव्वद फुटांची. खालच्या टोकाशी फलंदाज, उरलेल्या तीन टोकांवर तीन बेस. या चौरसाभोवती उभे राहणारे चौघे म्हणजे इनफिल्डर: पहिल्या, दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसवरचा एकेक, आणि दुसऱ्या-तिसऱ्याच्या मधला शॉर्टस्टॉप. गुरिएल तरुणपणी दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसवर खेळला. तिसऱ्या बेसला अमेरिकेत ‘गरम कोपरा’ म्हणतात, कारण उजव्या हाताचे फलंदाज ताकदीनं ओढून मारतात ते चेंडू तिथेच अंगावर येतात. आपल्या सिली पॉइंटवाल्यानं चेंडू झेलला की त्याचं काम संपलं. इथे जमिनीवरून येता येता मध्येच उसळी घेणारा चेंडू हातमोज्यात घ्यायचा आणि त्याच दमात, धावणारा पोचायच्या आत, सव्वाशे फुटांपलीकडच्या पहिल्या बेसवर फेकायचा. यात विचाराला वेळ नसतो. जे काही असतं ते लहानपणापासून अंगात मुरलेलं असावं लागतं.

गुरिएलच्या अंगात ते घरातूनच मुरलं होतं. त्याचा जन्म ९ जून १९८४ चा, मध्य क्यूबातल्या सांक्ती स्पिरितुस इथला. वडील लूर्देस गुरिएल हे क्यूबाच्या राष्ट्रीय संघातलं मोठं नाव. १९८८ च्या विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात अमेरिकेविरुद्ध नवव्या डावात बरोबरी साधणारा होमरन त्यांचा. १९९२ ला बार्सिलोनात बेसबॉलला पहिल्यांदा ऑलिंपिक पदक मिळालं, ते सुवर्ण जिंकणाऱ्या संघातही ते होते. त्यांचे तीन मुलगे, तिघेही खेळणारे. मधल्याच्या, म्हणजे आपल्या युलीच्या (पूर्ण नाव युलिएस्की) पाठीवर वडिलांचाच १० क्रमांक आला. क्यूबात हा आकडा साधा नाही. ओमार लिनारेस या तिथल्या सर्वांत थोर तिसऱ्या बेसवाल्याचाही तोच. आपल्याकडच्या घराणेशाहीवर आपण बोटं मोडतो, पण गवयाच्या पोराच्या गळ्यात सूर सापडला की मान डोलावतोच. सांक्ती स्पिरितुसच्या होसे अंतोनियो हुएल्गा स्टेडियममध्ये लोकांनी या पोराला तसंच ऐकलं, म्हणजे पाहिलं.

क्यूबाचं बेसबॉल समजून घ्यायचं तर ते कशाच्या विरोधात वाढलं ते पाहावं लागतं. एकोणिसाव्या शतकात, स्पेनची सत्ता असताना, अमेरिकेत शिकून परतलेली पोरं बॅट आणि चेंडू घेऊन आली. राज्यकर्त्यांचा खेळ बैलांच्या झुंजीचा. त्यामुळे बेसबॉल खेळणं म्हणजेच स्पेनला नाक मुरडणं झालं, आणि काही काळ स्पॅनिश अधिकाऱ्यांनी या खेळावर बंदीही घातली. अमेरिकेकडून घेतलेला खेळ स्पेनच्या विरोधात वापरला गेला. १९५९ ची क्रांती झाल्यावर तोच खेळ अमेरिकेच्या विरोधात वापरायची पाळी आली. क्रांतीनंतर दोन-तीन वर्षांतच पैसे घेऊन खेळणं बंद झालं, जुनी व्यावसायिक लीग मोडली, आणि जानेवारी १९६२ मध्ये ‘सेरिए नासिओनाल’ ही राष्ट्रीय स्पर्धा सुरू झाली. पुढे प्रत्येक प्रांताचा संघ झाला, आणि खेळाडू त्या प्रांताचाच. कुणी विकायचा नाही, कुणी विकत घ्यायचा नाही.

यात एक गोष्ट फार सुंदर होती, आणि ती नाकारणं मला अप्रामाणिकपणाचं वाटतं. सांक्ती स्पिरितुससारख्या गावातल्या माणसाला आपला सर्वोत्तम खेळाडू पुढच्या वर्षी न्यू यॉर्कनं पळवून नेला, हे पाहावं लागत नसे. तो इथेच, याच बसमधून सामन्याला जाणार, याच दुकानाच्या रांगेत उभा राहणार. लिनारेस हा या व्यवस्थेचा आदर्श मानला गेला. पिनार देल रिओच्या तंबाखूच्या मुलखातला हा गडी १९९६ च्या ऑलिंपिकच्या अंतिम सामन्यात जपानविरुद्ध तीन होमरन मारतो, राष्ट्रीय स्पर्धेत .३६८ च्या सरासरीनं आणि चारशेहून अधिक होमरन मारून कारकीर्द संपवतो, आणि अमेरिकेच्या डॉलरांकडे ढुंकून पाहत नाही. सरकारनं त्याला परदेशी खेळायला सोडलं ते कारकिर्दीच्या शेवटी, २००२ मध्ये, जपानला. तोवर गुडघे गेले होते.

दुसरी बाजू हेर्मान मेसाच्या वाट्याला आली. हा शॉर्टस्टॉप इतका चपळ होता की त्याच्यामागे उभा राहिलेला रे ओर्दोन्येस राष्ट्रीय संघात येण्याची वाट पाहून कंटाळला. १९९३ मध्ये अमेरिकेतल्या बफेलो इथे विद्यापीठांच्या जागतिक स्पर्धेला संघ गेला असताना ओर्दोन्येस निसटला, आणि पुढे न्यू यॉर्क मेट्सकडून क्षेत्ररक्षणाचे सलग तीन गोल्ड ग्लव्ह घेऊन बसला. म्हणजे क्यूबाचा दुसऱ्या क्रमांकाचा शॉर्टस्टॉप त्या लीगमधला पहिल्या क्रमांकाचा ठरला. पहिल्या क्रमांकाच्या मेसावर मात्र १९९६ मध्ये अमेरिकी दलालाशी संधान बांधल्याचा आरोप ठेवून सरकारनं बंदी घातली. तो कुठेच गेला नव्हता. दोन वर्षांनी त्याला परत घेतलं, पण इनफिल्डरच्या आयुष्यातली दोन वर्षं ही काही लहान गोष्ट नसते.

या वातावरणात गुरिएल विशीत आला. २००४ मध्ये अथेन्सला वयाच्या विसाव्या वर्षी दुसऱ्या बेसवर खेळून त्यानं सुवर्ण घेतलं. त्याच्या गावाला, त्याच्या देशाला त्याच्याकडून काय हवं होतं हे तेव्हाच ठरून गेलं. ते त्यानं बहुतेक वेळा दिलंही. एकदा मात्र ते जमलं नाही, आणि लोकांनी तेच जास्त लक्षात ठेवलं.

२३ ऑगस्ट २००८, बीजिंग. ऑलिंपिकचा अंतिम सामना, समोर दक्षिण कोरिया. नववा, शेवटचा डाव. कोरिया ३, क्यूबा २. र्यू ह्यून-जिन या एकवीस वर्षांच्या डावखुऱ्या पिचरनं तोवर क्यूबाला बांधून ठेवलं होतं, पण शेवटी तो थकला. तिन्ही बेस क्यूबाच्या धावपटूंनी भरले. एकच गडी बाद. पंचांशी हुज्जत घातली म्हणून कोरियाच्या कॅचरला मैदानाबाहेर काढलेलं. एक साधा हिट आणि बहुधा सामना क्यूबाचा. बॅट घेऊन गुरिएल आला. कोरियानं पिचर बदलला. जमिनीलगत हात आणून खालून फेकणारा चोंग ते-ह्यून. त्याच्या चेंडूवर गुरिएलनं बॅट फिरवली आणि चेंडू जमिनीवरून शॉर्टस्टॉपकडे गेला. शॉर्टस्टॉपकडून दुसऱ्या बेसवर, तिथून पहिल्या बेसवर. दोन बाद, सामना खलास. बॅट फिरल्यापासून पाचेक सेकंदांत सगळं संपलं. याला डबल प्ले म्हणतात, आणि इनफिल्डरच्या कलेतला हा सर्वांत देखणा प्रकार. आयुष्यभर जो डाव तो दुसऱ्यांवर टाकत आला तोच त्याच्यावर पडला.

आपल्याला हे नीट समजतं. शारजाचा शेवटचा चेंडू आपण अजून विसरलेलो नाही आणि चेतन शर्माला विसरू दिलेला नाही. विश्वचषकात हॅट-ट्रिक घेणारा पहिला गोलंदाज तोच होता, हे सांगायला लागतं. शारजा सांगावं लागत नाही. हवानाच्या पार्के सेंत्राल या बागेत दिवसभर उभं राहून बेसबॉलवर तावातावानं भांडणाऱ्या पुरुषांचा एक कट्टा आहे, आणि त्याचंही नाव ‘गरम कोपरा’ आहे. बीजिंगच्या त्या चेंडूनं तिथे किती वर्षं पुरेल इतका दारूगोळा पुरवला असेल, याची कल्पना करता येते.

त्यानंतरही तो सहा वर्षं बेटावरच राहिला. वर्षं मोजून पाहा: चोविसाव्या वर्षापासून तिसाव्या वर्षापर्यंत. बेसबॉलचे जाणकार याला खेळाडूचा ऐन भर म्हणतात. त्याच काळात त्याच्या ओळखीचे एकेक जण होडीतून, तिसऱ्या देशाच्या विमानातून, कुणाच्या ना कुणाच्या खोट्या कागदांवर निघून जात होते. २०१३ मध्ये सरकारनं धोरण सैल केलं. खेळाडूंना परवानगीनं, सरकारनं केलेल्या करारावर, त्यातला वाटा सरकारला देऊन परदेशी खेळता येईल असं जाहीर झालं. अमेरिका अर्थातच वगळून, कारण अमेरिकेच्या निर्बंधांप्रमाणे क्यूबात राहणाऱ्या माणसाशी करारच करता येत नव्हता. २०१४ मध्ये गुरिएल योकोहामा बेस्टार्सकडून जपानमध्ये बासष्ट सामने खेळला, .३०५ ची सरासरी आणि ११ होमरन घेऊन परतला. पुढच्या वर्षी दुखापतीचं कारण देऊन तो वेळेवर पोचला नाही आणि क्लबनं करार मोडला.

मग आला २०१५-१६ चा हंगाम. आता तो आपला प्रांत सोडून राजधानीच्या इंदुस्त्रियालेस संघात होता. एकोणपन्नास सामने, सरासरी .५००. म्हणजे प्रत्येक दोन संधींत एक हिट. ज्या खेळात दहात तीनदा यशस्वी होणारा थोर मानला जातो त्या खेळात. पंधरा होमरन, आणि पूर्ण हंगामात स्ट्राइकआउट फक्त तीन. हे आकडे मी पहिल्यांदा पाहिले तेव्हा छपाईची चूक वाटली. नंतर वाटलं, की यात एका खेळाडूची ताकद जितकी दिसते तितकंच त्या लीगचं पोकळ होणंही दिसतं. चांगले पिचर निघून गेले होते. उरलेल्यांसमोर हा एकटा, पूर्ण पिकलेला. आता त्याला तिथे खेळण्यासारखं काही उरलं नव्हतं.

फेब्रुवारी २०१६ मध्ये कॅरिबियन मालिकेसाठी क्यूबाचा संघ डॉमिनिकन रिपब्लिकच्या राजधानीत उतरला. स्पर्धा संपल्यावर, पहाटे, गुरिएल आणि त्याचा, वडिलांच्याच नावाचा, धाकटा भाऊ लूर्देस हॉटेल सोडून निघून गेले. कम्युनिस्ट पक्षाच्या ‘ग्रान्मा’ या मुखपत्रानं बातमी दिली, आणि पैशासाठीच्या बेसबॉलच्या सौदागरांना ते शरण गेल्याचा शेरा मारला. जे कुटुंब क्रांतीच्या खेळाचं राजघराणं म्हणून मिरवलं गेलं, त्यातलेच दोघे. दीड महिन्यानं, २२ मार्चला, बराक ओबामा हवानाच्या लातिनोअमेरिकानो स्टेडियममध्ये राउल कास्त्रोंच्या शेजारी बसून टॅम्पा बे रेज विरुद्ध क्यूबा हा सामना पाहत होते. दोन देशांची मैत्री नव्यानं बांधली जात होती, आणि तिथला सर्वांत चांगला फलंदाज मैदानात नव्हता. काही महिने थांबला असता तर सरळ रस्त्यानं जाता आलं असतं, असं तेव्हा काही जण म्हणाले. तो रस्ता म्हणजे दोन्ही देशांच्या बेसबॉल संस्थांमधला करार. तो व्हायला डिसेंबर २०१८ उजाडला, आणि एप्रिल २०१९ मध्ये ट्रम्प सरकारनं तो रद्दही केला. गुरिएल थांबला असता तर आजही थांबलेलाच असता.

त्या हॉटेलातून निघालेल्या दोघा भावांची घड्याळं मात्र उलट्या दिशांनी चालत होती, आणि हा तपशील मला फार आवडतो. थोरला एकतीस वर्षांचा. प्रत्येक महिन्यागणिक त्याची किंमत घसरत होती. त्यानं जुलैमध्ये ह्यूस्टनशी पाच वर्षांचा, पावणेपाच कोटी डॉलरांचा करार केला आणि ऑगस्टमध्ये मैदानात उतरला. धाकटा बावीसचा. अमेरिकेच्या तेव्हाच्या नियमाप्रमाणे तेवीस पूर्ण होईपर्यंत परदेशी खेळाडूला द्यायच्या पैशावर मर्यादा असे. म्हणून तो ऑक्टोबरातल्या वाढदिवसाची वाट पाहत बसला आणि मगच, नोव्हेंबरमध्ये, टोरंटोशी सही केली. एकाला वय वाढायच्या आत पोचायचं होतं, दुसऱ्याला वाढू द्यायचं होतं. (पुढे २१ सप्टेंबर २०१८ ला दोघा भावांनी वेगवेगळ्या शहरांत, वेगवेगळ्या संघांकडून, एकाच दिवशी प्रत्येकी दोन होमरन मारले. लीगच्या इतिहासात भावांच्या जोडीनं असं पहिल्यांदाच केलं. वहीत अशा गोष्टींचीही नोंद असते.)

हॉटेलचं दार उघडून निघून जाणं हे तुलनेनं सोपं प्रस्थान म्हणायचं. होसे अब्रेउ हा त्याच पिढीतला, सिएनफुएगोसचा, पहिल्या बेसवरचा महाकाय फलंदाज. त्यानं २०१७ मध्ये मायामीच्या न्यायालयात साक्ष देताना सांगितलं, की अमेरिकेला येणाऱ्या विमानात त्यानं बिअर मागवली आणि आपल्या खोट्या हैती पासपोर्टचं पान तिच्याबरोबर गिळून टाकलं. हाच अब्रेउ २०२० मध्ये अमेरिकन लीगचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. असं काही वाचलं की नोंदवहीतल्या पहिल्या ओळीच्या आधी काय काय असू शकतं, याचा अंदाज येतो.

ह्यूस्टननं गुरिएलला पहिल्या बेसवर नेलं. बत्तीस-तेहतीस वर्षांच्या माणसानं नवी जागा शिकायची, नवी भाषा शिकायची, आणि पंचवीस वर्षांच्या पोरांनी फेकलेले चेंडू मारायचे. २०१७ च्या त्याच्या पहिल्या पूर्ण हंगामात .२९९ ची सरासरी आणि ४३ डबल्स आले. संघ वर्ल्ड सिरीजला, म्हणजे अजिंक्यपदाच्या अंतिम मालिकेला पोचला. ऑक्टोबरअखेरीस ते सामने आपल्याकडे पहाटे साडेपाच-पावणेसहाच्या सुमारास सुरू होतात. चहाचा कप घेऊन, आवाज बारीक करून मी ते पुण्यात बसून पाहिले. त्याला पाहायलाच उठत होतो म्हटलं तरी चालेल.

तिसऱ्या सामन्यात त्यानं लॉस एंजलिसच्या यू दार्विशला होमरन मारला. डगआउटमध्ये परतल्यावर कॅमेऱ्यानं टिपलं, की तो बोटांनी डोळ्यांच्या कडा ताणून आशियाई माणसाची नक्कल करतोय. दार्विशची आई जपानी, वडील इराणी. ते दृश्य पाहताना पोटात गोळा आला, आणि तो राग आजही पूर्ण गेलेला नाही. ज्या देशानं त्याला आपल्या संघात घेतलं, मानानं खेळवलं, त्याच देशाच्या माणसाची ही टिंगल. तो माफी मागून मोकळा झाला. लीगनं पुढच्या हंगामाचे पहिले पाच सामने विनावेतन बंदी घातली, वर्ल्ड सिरीज मात्र खेळू दिली. त्या सगळ्यात शहाणपणानं वागला तो दार्विशच. आपण कुणीच निर्दोष नाही, आरोप करत बसण्यापेक्षा यातून शिकू या, अशा अर्थाचं त्यानं लिहिलं. सातव्या सामन्यात दोघे समोरासमोर आले तेव्हा गुरिएलनं चेंडू खेळण्याआधी हेल्मेटला हात लावून त्याच्याकडे पाहिलं. मधल्या पाचव्या सामन्यात, १३-१२ असा संपलेल्या त्या वेड्या सामन्यात, त्यानं क्लेटन कर्शॉला तीन धावांचा होमरन मारून बरोबरी साधली होती. इतर कुठल्या वर्षी फक्त तो होमरन आठवला असता.

त्या अजिंक्यपदावरही पुढे डाग पडलाच. कॅमेऱ्यातून प्रतिस्पर्ध्यांच्या खुणा चोरून, कचऱ्याचा डबा बडवून आपल्या फलंदाजाला पुढचा चेंडू कोणता ते कळवायचं, असा उद्योग ह्यूस्टननं त्या वर्षी केल्याचं जानेवारी २०२० च्या चौकशीत सिद्ध झालं. व्यवस्थापक आणि मुख्य प्रशिक्षक घरी गेले, संघाला ५० लाख डॉलर दंड झाला, खेळाडूंना शिक्षा झाली नाही. म्हणजे ज्या वहीसाठी समुद्र ओलांडला, तिच्यातलं पहिलं मोठं पानही डागाळलेलं. २०२० च्या कोविडनं आखूड केलेल्या हंगामात त्याची सरासरी .२३२ वर आली. छत्तीस वर्षांचा माणूस. आता संपला, असं सगळ्यांनी धरलं. चूक नव्हतं ते.

२०२१ मध्ये त्यानं .३१९ च्या सरासरीनं अमेरिकन लीगचा फलंदाजीचा किताब घेतला आणि पहिल्या बेसवरच्या क्षेत्ररक्षणाचा गोल्ड ग्लव्हही. क्यूबात जन्मलेल्या माणसानं हा किताब घेतला तो टोनी ओलिवानंतर, म्हणजे पन्नास वर्षांनी. ओलिवा १९६१ मध्ये भावाच्या कागदपत्रांवर अमेरिकेत आला होता. जन्मभर भावाच्याच नावानं खेळला, आणि दोन देशांचे संबंध तुटल्यानं कैक वर्षं आईवडिलांचं तोंड पाहू शकला नाही. त्याच २०२१ च्या डिसेंबरमध्ये, त्र्याऐंशी वर्षांचा असताना, त्याची हॉल ऑफ फेमसाठी निवड झाली. सोबत मिनी मिन्योसो हा दुसरा क्यूबन, पण तो सहा वर्षांपूर्वीच वारला होता. आणि त्याच वर्षी टोकियोच्या ऑलिंपिकला क्यूबा पात्रच ठरला नाही. १९९२ पासून २००८ पर्यंत बेसबॉलच्या पाचही ऑलिंपिक अंतिम सामन्यांत खेळलेला देश. गुरिएलला किताब मिळत होता तेव्हा तो ज्या संघासाठी घडवला गेला तो संघ घरी बसला होता.

अमेरिकन लिखाणात त्याच्याबद्दल एक वाक्य ठरलेलं असतं: हा बाविसाव्या वर्षी आला असता तर! त्याच्या ऐन भराची वर्षं वाया गेली. मला हे वाक्य पटत नाही. वाया म्हणजे कुणाची? सांक्ती स्पिरितुसच्या हुएल्गा स्टेडियममध्ये जे बाकांवर बसले होते, त्यांनी तो वीस वर्षांचा, पंचविसाचा, अठ्ठाविसाचा पाहिला. फुललेला, चुकणारा, बीजिंगहून खाली मान घालून परतलेला. ह्यूस्टनला जे मिळालं ते उरलेलं होतं, उत्तम असलं तरी उरलेलंच. ऐन भराचा गुरिएल कुणी पाहिलाच नाही असं म्हणणाऱ्याला त्या बाकांवरची माणसं मोजायची नाहीत, एवढाच त्याचा अर्थ. अर्थात हे मी इथे बसून म्हणतो, रेशनच्या रांगेत न उभं राहता; आणि खुद्द गुरिएलनं शेवटी पायांनी मत दिलं ते पलीकडच्या वहीलाच. त्याला स्वतःला मोजून घ्यायचं होतं. जगातल्या सर्वांत अवघड परीक्षेला न बसता पहिला नंबर मिरवणं त्याला पुरेसं वाटेना, यात मला गैर काही दिसत नाही. पण परीक्षा उशिरा दिली म्हणून आधीचं शिक्षण झालंच नाही असं थोडंच असतं?

२०२२ मध्ये ह्यूस्टन पुन्हा जिंकलं. त्या शरद ऋतूत त्याला लय सापडली होती, पण शेवटच्या मालिकेतच गुडघा दुखावला आणि निर्णायक सामना त्यानं बाहेर बसून पाहिला. संघानं त्याच्या जागी आणला तो अब्रेउ, पासपोर्ट गिळणारा. दोन वर्षंही पुरी व्हायच्या आत अब्रेउला मोकळं केलं गेलं. गुरिएल मात्र मायामीला खेळला, मग अटलांटाच्या हाताखालच्या संघात पोरासोरांबरोबर बस प्रवास करत राहिला, २०२४ च्या अखेरीला कॅन्सस सिटीचं बोलावणं आलं ते त्यानं घेतलं. पैशाची गरज नव्हती. चाळिशीत लोक ज्याला हट्ट म्हणतात तो त्याच्यापाशी होता, आणि ज्याची पहिली ओळच बत्तिशीत पडली त्याला आणखी दोन-चार ओळींचा हट्ट धरायचा हक्क मी तरी देतो.

२०२५ च्या वसंतात तो सॅन डिएगोच्या संघात होता. जेमतेम काही आठवडे; बॅट चालली नाही आणि त्यांनी सोडून दिलं. त्या संघाच्या मैदानावर तो नवखा नव्हता. २० मार्च २००६ च्या संध्याकाळी पहिल्या वर्ल्ड बेसबॉल क्लासिकचा अंतिम सामना तिथेच झाला होता, जपान १०, क्यूबा ६. क्यूबाच्या संघाला अमेरिकेत येऊ द्यायचं की नाही यावर वॉशिंग्टनच्या कोषागार विभागानं आधी नकार देऊन मग परवाना दिलेला. एकवीस वर्षांचा गुरिएल दुसऱ्या बेसवर होता आणि अमेरिकन क्लबांचे पारखी प्रेक्षकांत बसून त्याच्याकडे पाहत होते. सामना हरला, संघ विमानात बसला, आणि हवानात फिदेल कास्त्रो स्वतः त्यांच्या स्वागताला उभे होते.